एक गळा, दोन बिऱ्हाडं

गायक नटाची परीक्षा पदात होत नाही, पदाच्या आधीच्या वाक्यात होते. संगीत नाटकाच्या जुन्या रसिकांना हे पक्कं ठाऊक होतं. ऑर्गनवाल्यानं सूर धरला की कच्च्या नटाचं बोलणं लगेच बदलायचं. कुणी उरलेलं वाक्य भरभर उरकून गाण्याकडे धाव घ्यायचा, कुणी हळूच घसा साफ करायचा, कुणाची नजर पहिल्या रांगेतल्या जाणकारांवर जायची. इतका वेळ बोलत असलेलं पात्र तेवढ्यात विंगेत निघून जायचं आणि रंगमंचावर उरायचा नुसता गवई. बालगंधर्वांचं कौतुक करताना म्हातारी माणसं म्हणायची, की त्यांचं बोलणं कुठे संपलं आणि गाणं कुठे सुरू झालं, ते कळायचंच नाही. तानांचं कौतुक त्यानंतर.

ही कसोटी घेऊन मी एका जपानी माणसाकडे आलो आहे. त्याचं नाव तानियामा किशो. जन्म ११ ऑगस्ट १९७५, जपानच्या मुख्य बेटाच्या पश्चिम टोकाच्या यामागुची प्रांतातला. पेशानं तो ॲनिमेतल्या, म्हणजे जपानी ॲनिमेशन-मालिकांतल्या, पात्रांना आवाज देणारा नट. २००५ साली, म्हणजे तिशीत, त्यानं ई-झुका नावाच्या गिटारवादकाबरोबर ‘ग्रॅनरोडिओ’ हा रॉक बँड काढला. चाल ई-झुकाची, शब्द आणि गळा किशोचा. पाच वर्षांत हा बँड तोक्योच्या बुडोकानमध्ये वाजला. बुडोकान ही मुळात १९६४च्या ऑलिंपिकमधल्या ज्यूदोसाठी बांधलेली वास्तू. दोनच वर्षांनी तिथे बीटल्स गाऊन गेले आणि तेव्हापासून जपानी रॉकवाल्यांसाठी ती पंढरी झाली. बँड आजही चालू आहे आणि आवाजाचं कामही. आमच्या दौंडमध्ये हे नाव पालकांच्या कानावर आलेलं नसेल, पण सकाळच्या पुणे-दौंड डेमूत कानात इयरफोन घालून बसलेल्या कॉलेजच्या पोरांना विचारा. निदान एक तरी जण डोळे मोठे करून म्हणेल, “काका, तुम्हाला चूया माहितीये?”

चूयाकडे यायचंच आहे. त्याआधी एक गैरसमज बाजूला करू. अशा माणसाबद्दल बोलणं निघालं की पहिला प्रश्न असतो, दोन्ही सांभाळतो कसा? जणू दोन्ही डगरींवर हात ठेवणं हीच काय ती कसरत. वेळापत्रकापुरता प्रश्न खरा आहे. पण दोन व्यवसाय करणारे कलावंत आपण काय कमी पाहिलेत? वसंतराव देशपांडे वर्षानुवर्षं मिलिटरी अकाउंट्सच्या कचेरीत आकडे मांडत होते आणि ‘कट्यार काळजात घुसली’त खाँसाहेब झाले. तिथे कचेरी आणि गाणं यांचा एकमेकांशी संबंध नव्हता. आकड्यांनी गळ्याला धक्का लावला नाही. तानियामाचं तसं नाही. त्याचे दोन्ही धंदे एकाच घशावर चालतात आणि दोघांची मागणी एकमेकांच्या विरुद्ध आहे. रॉकमध्ये गायकानं स्वतःला दाखवायचं असतं. हा आवाज कुणाचा, हे पहिल्या ओळीत कळलं पाहिजे. ॲनिमेत त्यानं स्वतःला पुसायचं असतं. आवाज ओळखू आला की पात्र मेलं. माझ्या मते तानियामाचं मोठेपण दोन्हींत तोल साधण्यात नाही. तो तोल साधतच नाही. एका घरचं सामान तो बेलाशक दुसऱ्या घरात नेतो. मात्र काय न्यायचं आणि कधी, याबाबत तो फार कंजूष आहे. त्या कंजुषीतच खरी गंमत आहे.

जपानमध्ये आवाज देणारे नट गातात, यात नवल काहीच नाही. तिथे या धंद्यात मानधनाच्या ठरलेल्या पायऱ्या आहेत. नवख्या नटाला अर्ध्या तासाच्या एका भागाचे पंधरा हजार येन मिळतात. संवाद एक असो की शंभर, फरक नाही. त्यामुळे गाणं, रेडिओवरचा कार्यक्रम, रंगमंचावरचे मेळावे, जे मिळेल ते हवंच असतं. अशीच एक नटी मिझुकी नाना लहानपणी एन्का या जपानी गायनप्रकाराच्या तालमीत वाढली. ‘नारुतो’मध्ये ती हिनाता झाली, जिचं बोलणं लाजून ओठांतच विरतं, आणि २०११ साली तीच बाई तोक्यो डोममध्ये गायली. तिच्या आधी आवाजाच्या क्षेत्रातल्या कुणाचीही स्वतःची मैफल त्या डोममध्ये झाली नव्हती. पण नानाबाईंच्या बाबतीत हिनाता एकीकडे आणि गाणं दुसरीकडे, हे दोन स्वच्छ कप्पे आहेत. तानियामाचे कप्पे गळके आहेत. म्हणून मला तो अधिक ऐकावासा वाटतो.

आधी त्याचं न गाणं ऐकू.

‘अटॅक ऑन टायटन’ ही मालिका एप्रिल २०१३मध्ये सुरू झाली आणि नोव्हेंबर २०२३मध्ये संपली. तिची शीर्षकगीतं दुसऱ्यांची आहेत. तानियामा या मालिकेत दहा वर्षं फक्त बोलतो. त्याचं पात्र जाँ किर्श्टाइन. उंच, तोंडाळ, स्वार्थी आणि तो स्वार्थ लपवण्याइतकाही खोटारडा नसलेला पोरगा. त्याला शूरवीर व्हायचं नाही. माणसं खाणाऱ्या राक्षसांपासून लांब, आतल्या तटबंदीत सुखाची नोकरी मिळाली की झालं. आपल्याकडे पोरं भरतीच्या मैदानावर धावतात तेव्हा मनात जी गणितं चालतात, त्यापेक्षा हे फारसं वेगळं नाही. पहिल्या भागांत तानियामा हा जाँ जरा वरच्या पट्टीत बोलतो. शब्द नाकाकडे झुकलेले, वाक्याचा शेवट उडवून दिलेला. गायकाच्या घशाची चमक त्यात जाणवते आणि ती शोभतेही, कारण जाँला स्वतःचंच बोलणं ऐकायला आवडतं.

मग त्रोस्त शहरात त्या राक्षसांशी लढाई होते. मेलेल्यांची प्रेतं गोळा करून रात्री एकत्र जाळली जातात. जाँचा मित्र मार्को त्यांत आहे. दुसऱ्या दिवशीचं शौर्य वगैरे पुढची गोष्ट. आत्ता जाँ त्या राखेशी उभा आहे, हातात हाडाचा तुकडा आहे आणि हे हाड कुणाचं, ते कुणालाच ठाऊक नाही. इथे त्याला सोबत्यांना सांगायचं आहे, की सुखाची नोकरी सोडून मी सगळ्यात धोक्याच्या तुकडीत जातोय. अशा जागी कुठल्याही चांगल्या गायकाला मोह होईल. वाक्य खर्जातून उचलावं, मध्यावर कंप द्यावा, शेवटी आवाज फोडावा. प्रेक्षक रडायला तयारच आहे. तानियामा यातलं काही करत नाही. तो आवाजातला सगळा सूर काढून घेतो. उरतो नुसता वारा आणि त्यावर तरंगणारे शब्द. वाक्य मध्येच तुटतं, ते भावनेनं नव्हे, तर भीतीनं, कारण जाँ अजूनही भित्राच आहे. जायचं ठरवलं म्हणून धीट झाला, असं त्याच्या आवाजात कुठेही नाही. मूठ थरथरते ते चित्रकारानं दाखवलंय. आवाज मात्र थरथरत नाही, तो कोरडा पडतो. ज्या माणसाचा गळा हजारोंच्या मैफिली भरतो, त्यानं तो गळा इथे खुंटीला टांगून ठेवलाय. मला तर ही त्याची सर्वांत मोठी गायकी वाटते.

याच प्रसंगाची दुसरी बाजू पडद्यावर नऊ वर्षांनी येते. जाँला आता दाढी आहे. आवाज खाली उतरलाय, त्याला बूड आलंय. शेकोटीभोवती कालचे शत्रू आणि मित्र एकत्र बसलेत आणि त्यांतला रायनर कबूल करतो, की मार्कोच्या मरणाला आपण कारण आहोत. जाँ आधी शांतपणे विचारतो, मार्को शेवटी काय म्हणाला? या प्रश्नात तानियामानं जो सपाटपणा ठेवलाय, तो त्या राखेपाशी उभं राहून बोलणाऱ्या पोराचाच आहे. फक्त वय वाढलंय. रायनर बोलत राहतो, क्षमा मागत राहतो आणि मग जाँचा हात सुटतो. तेव्हा जे ओरडणं येतं, त्यातही गाणं नाही. धाप आहे, दम लागणं आहे, शब्द एकमेकांवर आदळतात. दहा वर्षांत एकाच पात्राला दोनदा अशी जागा मिळाली आणि दोन्ही वेळा गायकाला दाराबाहेर उभं केलं. असा संयम योगायोगानं येत नाही.

जपानी स्टुडिओतली पद्धत इथे सांगायला हवी. आपल्याकडे डबिंगवाला बहुतेक वेळा काचेच्या खोलीत एकटा असतो. समोरच्याचा संवाद कानात वाजतो आणि तो आपला टाकतो. जपानमध्ये करोनाच्या आधीची शिरस्त्याची पद्धत अशी, की भागातले सगळे नट एकाच खोलीत. तीन-चार मायक्रोफोन, माणसं दहा-बारा. आपली पाळी आली की पाय न वाजवता पुढे यायचं, पान न वाजवता उलटायचं आणि वाक्य संपलं की दुसऱ्याला माइक मोकळा करून द्यायचा. पडद्यावरचं चित्र कित्येकदा अर्धवटच असतं. पेन्सिलीच्या रेघा, वर वेळेच्या खुणा. अशा खोलीत एकटा आवाज गाजवू लागला तर बाकीचे अकरा जण त्याच्याकडे बघतील. तानियामाचा संयम या खोलीत घडलाय, असं मला वाटतं. रॉकच्या मंचावर माइक फक्त त्याचा असतो. इथे तो रांगेत उभा असतो.

आता गाण्याकडे. ग्रॅनरोडिओचं नाव ॲनिमेच्या प्रेक्षकांत घरोघरी झालं ते ‘कुरोको’ या बास्केटबॉलच्या मालिकेमुळे. २०१२पासून तिची बहुतेक शीर्षकगीतं या बँडची. त्याच मालिकेत तानियामा हिमुरो तात्सुयाही आहे. हिमुरो देखणा आणि शांत, मृदू बोलणारा खेळाडू. त्याचं तंत्र निर्दोष, पण दैवी देणगी मात्र नाही. तिथली विसंगती मजेशीर आहे. शीर्षकगीतात ज्या घशातून उकळतं तेल उडतं, तोच घसा पाच मिनिटांनी लोण्यासारखं बोलतो. सेइरिन या नायकाच्या संघाविरुद्धच्या सामन्यात हिमुरोचा बांध फुटतो. देणगी असूनही खेळ सोडून निघालेल्या आपल्याच संघातल्या मुरासाकिबाराला तो ठोसा मारतो. तेव्हा क्षणभर शीर्षकगीतातला आवाज डोकावतो आणि आत जातो. तिळाएवढा. पण ज्यानं दर आठवड्याला ते गाणं ऐकलंय, त्याच्या कानाला तो लागतोच.

‘उता नो प्रिन्स-सामा’मध्ये तानियामा पात्राच्या आवाजातच गातो. शिनोमिया नात्सुकी हा गोड, लाडिक पोरगा, चष्मा काढला की हिंस्र होणारा. नात्सुकी म्हणून गाताना किशोला स्वतःचा रॉकवाला गळा लपवावा लागतो. खरं सांगायचं तर ती गाणी मला फार साखरेची वाटतात आणि मी ती दुसऱ्यांदा ऐकत नाही. पण एक फरक त्यांतून कळतो. स्वतःच्या नावानं गाणं वेगळं आणि पात्राच्या नावानं गाणं वेगळं. आपल्या नाट्यपदात हा गोंधळ शंभर वर्षं चालू आहे. भामिनी ही नायिका गाते की तिचं सोंग घेतलेले बालगंधर्व गातात? प्रेक्षक वन्समोअर देतात, तो कुणाला देतात? आपण त्या गोंधळाचा आनंद लुटला, त्याचा निकाल कधी लावला नाही. लावायची गरजही नव्हती.

मनमाडहून पुण्याकडे जाणाऱ्या गाडीनं दौंडला किती वेळ खाल्ला, हे आमच्याकडे प्रत्येकाला पाठ असायचं. इंजिन एका टोकाचं सुटायचं, फिरून दुसऱ्या टोकाला लागायचं आणि गाडी उलट्या दिशेनं निघायची. नवखा प्रवासी घाबरून विचारायचा, परत चाललो की काय? डबे तेच, माणसं तीच, सामान तेच. शेवटचा डबा पहिला झालेला एवढंच. आता कॉर्ड लाइन झाल्यावर बऱ्याच गाड्यांचं हे सव्यापसव्य टळलंय. पण तानियामाचं गाणं आणि बोलणं यांच्यामध्ये जे घडतं, ते मला या फिरवाफिरवीतूनच समजतं. त्याच्याकडे दोन आवाज नाहीत. गाडी एकच आहे. गाताना आवाजाचा जो भाग पुढे असतो, तोच बोलताना मागे जातो. वरच्या पट्टीतली नाकातली धार, स्वर सोडताना दिलेला हलका कंप, दोन शब्दांमधला तिरकस दम, सगळं तेच. फक्त कोण ओढतंय, ते बदललेलं असतं.

आता चूया. आधी खरा चूया. नाकाहारा चूया हा जपानी कवी, १९०७ साली यामागुचीत जन्मला. बुटका, भांडखोर, पिऊन लोकांच्या अंगावर जाणारा. फ्रेंच कवी रँबोची भाषांतरं करणारा. हयातीत त्याचा एकच संग्रह आला, १९३४ साली. पुढे त्याचं दोन वर्षांचं मूल गेलं आणि वर्षभरात, १९३७च्या ऑक्टोबरात, तो स्वतःही. वय तीस. दुसरा संग्रह त्याच्या मागे निघाला. डोक्यावर काळी हॅट, डोळे थेट बघणाऱ्यावर रोखलेले, हा त्याचा फोटो जपानी शाळकरी पोरांना ओळखीचा असतो. यामागुचीत त्याचं स्मारक-संग्रहालय आहे. आपल्याकडे वाचकांच्या मनात जी जागा बालकवींची आहे, तिच्या शेजारीच कुठेतरी चूयाची असावी. तेही अठ्ठाविसाव्या वर्षी गेले, भादलीच्या रुळांवर. रेल्वेच्या गावात राहणाऱ्याला ती बातमी शंभर वर्षांनीही जुनी वाटत नाही.

‘बुंगो स्ट्रे डॉग्ज’ या मालिकेनं काय केलं? जपानी साहित्यातली ही सगळी मंडळी उचलली आणि योकोहामा शहरात अद्भुत शक्ती असलेले गुंड आणि गुप्तहेर म्हणून सोडून दिली. मर्ढेकर, केशवसुत, गोविंदाग्रज लोणावळ्याच्या घाटात एकमेकांवर विजा टाकताहेत, अशी कल्पना करा. आपल्याकडे कुणी असं काढलं तर आधी मोर्चा निघेल, मग पुस्तकं खपतील. तिथे पुस्तकं खपली. यातला चूया हॅट घालतो, बुटका आहे, भडकू आहे आणि गुरुत्वाकर्षण त्याच्या मुठीत आहे. त्याच्या शक्तीला खऱ्या चूयाच्या कवितेचं नाव दिलंय. आणि आवाज कुणाचा? यामागुचीच्याच तानियामाचा. त्यात एप्रिल २०१६मध्ये सुरू झालेल्या पहिल्या पर्वाचं शीर्षकगीत, ‘ट्रॅश कँडी’, ग्रॅनरोडिओचं. म्हणजे ज्या जागेची गोष्ट मी सुरुवातीला काढली, पद आणि गद्य यांच्या सांध्याची, ती इथे जशीच्या तशी मांडून ठेवलेली आहे. दीड मिनिट किशो गातो आणि त्याच भागात थोड्या वेळानं चूया तोंड उघडतो.

गाण्यात गिटार आधी बोलतं. मग किशो खालच्या पट्टीत तुटक, जवळजवळ कुजबुजत शब्द टाकत येतो. लयीच्या किंचित मागे, जसा मुरलेला लावणीवाला मात्रेला हूल देतो. ध्रुवपदाला आवाज एकदम वर उडी घेतो, तिथे ती नाकातली धार लखलखते. त्याच्या गाण्यात शब्दांची दाटी फार. जपानी भाषेत जवळजवळ प्रत्येक अक्षराला स्वर चिकटलेला, त्यामुळे ओढून गायचं म्हटलं तर प्रत्येक अक्षर लांबवता येतं. हा मात्र अक्षरं आखडून कोंबतो आणि एखादाच स्वर मोकळा सोडतो. तो मोकळा स्वर मग अंगावर येतो. नटाची सवय आहे ही. वाक्यातला कुठला शब्द ऐकायचा, हे तो ऐकणाऱ्याला ठरवू देत नाही. आधी सामान गाण्यातून बोलण्यात जातं असं वाटलं होतं. इथे ते उलट्या दिशेनं आलेलं दिसतं.

चूया पहिल्या पर्वाच्या उत्तरार्धात येतो. माफियाच्या तळघरात दाझाई साखळदंडात आहे आणि त्याचा जुना जोडीदार चूया त्याला खिजवायला जिना उतरतो. दाझाईचा आवाज मियानो मामोरूचा, तोही मोठा गायक. दोन गाणाऱ्या घशांची ही जुगलबंदी आणि एक सूरही नाही. सुरुवातीला चूया मजेत आहे. शब्द लोळवत, ऐटीत बोलतो, ‘ट्रॅश कँडी’तल्या त्या खालच्या पट्टीचाच हा चुलतभाऊ. दाझाई त्याच्या उंचीवर बोलतो, हॅटवर बोलतो. हळूहळू पट्टी चढते, वाक्यं आखूड होतात. खिजवायला आलेलाच खिजला जातो. शेवटी दाझाई त्याला असा पेचात पकडतो, की जाताना ठरलेली धमकी त्यानं द्यायची, पण घरंदाज मुलीच्या लाडिक बोलीत, गुडघे जुळवून. आणि माफियाचा हा सरदार ती देतो. तानियामानं हे कसं केलंय ते ऐका. तो बाईचा आवाज काढत नाही. तो आवाज काढता न येणारा माणूस काढतो. वरच्या पट्टीत जायची जबरदस्ती, मध्येच फाटलेला सूर, शब्द संपताच खाली येण्याची घाई. ध्रुवपदात हीच पट्टी तो लीलया घेतो. इथे ती अवघड करून दाखवतो. चांगलं येत असलेलं वाईट करून दाखवणं हे तमाशातल्या सोंगाड्याचं काम. आमच्या दौंड तालुक्यातल्या चौफुल्याला ज्यांनी संगीत बारी ऐकलीय, त्यांना माहीत असतं, की खरी गाणारी बाई कुणाची नक्कल करताना जेव्हा मुद्दाम बेसूर होते, तेव्हा तिच्या सुराची खरी पकड कळते.

दुसऱ्या पर्वात, त्याच वर्षीच्या शरदात, कंजूष माणूस तिजोरी उघडतो. चूया आपली शेवटची शक्ती वापरतो. ती वापरली की तो स्वतःला थांबवू शकत नाही. दाझाईनं हात लावून थांबवलं नाही तर मरणार. ती जागवायचा मंत्र खऱ्या चूयाच्या कवितेतल्या शब्दांचा आहे. तो म्हणताना तानियामा आवाज वर नेत नाही, छातीत खाली ठेवतो, पूजेला बसल्यासारखा. हातमोजे उतरतात. मग चूया हसतो. ते हसणं, किंचाळणं, तोंडातून रक्त येत असताना चाललेला तो उन्माद. इथे प्रथमच मैफलीतला किशो सबंधच्या सबंध बाहेर येतो, घोगरा, फाटलेला, वरच्या टोकाला जाऊन थरथरणारा. बोलण्याला शब्द उरलेले नाहीत, म्हणून गळा उरलाय. नाटकात पद याच जागी यायचं. बोलून भागेना तेव्हा गायचं. जपानी मालिकेत गाणं नाही, पण त्या जागी गायकाला बोलावलंय. आणि दाझाईचा हात लागताच आवाज विझतो. चूया कोसळता कोसळता चार शब्द बोलतो, झोपाळू, साधे, जवळजवळ लहान पोराचे. इतका आरडाओरडा केलेला घसा त्या चार शब्दांत विश्रांती घेताना ऐकू येतो. तो खरंच थकला होता की थकल्याचं नाटक, मला सांगता येणार नाही. सांगता येत नाही, यातच त्याचं काम झालं.

दोष नाहीत असं नाही. बँडच्या संथ गाण्यांत तो प्रत्येक ओळीच्या शेवटी कंप देतो आणि तिसऱ्या गाण्यापर्यंत त्याचा कंटाळा येतो. दिग्दर्शक सैल असला तर दुय्यम भूमिकांत हाच कंप संवादाच्या शेपटीलाही चिकटतो. तिथे पात्र विंगेत जातं आणि गवई उरतो.

मराठीत या वाटेवर सर्वांत पुढे गेलेला माणूस नंदू भेंडे. आत्माराम भेंड्यांचा मुलगा. सत्तरच्या दशकात मुंबईच्या रॉक बँडमधून गाणारा. १९७४ साली अलेक पदमसींच्या ‘जीझस ख्राइस्ट सुपरस्टार’मध्ये तो जूडस झाला. मग १९७८ साली पुण्याच्या थिएटर अकॅडमीनं जब्बार पटेलांच्या दिग्दर्शनाखाली ‘तीन पैशाचा तमाशा’ आणला. ब्रेख्तचं नाटक, रूपांतर पु. लं.चं. त्यात एकाचं गाणं नाट्यसंगीताच्या वळणाचं, एकीचं लावणीच्या, आणि भेंड्यांचा अंक्या आला तो पॉप आणि रॉक घेऊन. मराठी रंगभूमीवर रॉक हा गुंडाचा स्वभाव म्हणून आला, सजावट म्हणून नाही. पुढे तो चित्रपटात आणि दूरदर्शनच्या मालिकांच्या संगीतात रमला. २०१४ साली गेला. पण त्याच्या पाठोपाठ त्या वाटेनं रांग लागली नाही.

आणि आवाजाचं म्हणाल तर १९९३च्या रविवारी सकाळी दूरदर्शनवर ‘जंगल बुक’ लागायचं, तेव्हा शेरखान हिंदीत बोलायचा तो नाना पाटेकरांच्या आवाजात. मालिका मुळात जपानी, १९८९ची. दौंडच्या रेल्वे क्वार्टरांत अँटेना फिरवून आम्ही ती पाहिली. तिथे वाघ कमी आणि नाना जास्त ऐकू यायचा, आणि आम्हाला तेच हवं होतं. आपलं प्रेम कलावंताच्या ओळखू येणाऱ्या आवाजावर. गंधर्वांपासून नानापर्यंत ते बदललेलं नाही. हा दोष म्हणून सांगत नाही. पण जाँ किर्श्टाइनच्या हातातलं हाड ऐकायचं तर ही सवय थोडा वेळ बाजूला ठेवावी लागते.

ऐकायचं असेल तर ‘बुंगो स्ट्रे डॉग्ज’चं पहिलं पर्व मूळ जपानी आवाजात लावा, खाली इंग्रजी अक्षरं असू द्या. आणि प्रत्येक भागाच्या सुरुवातीला कोपऱ्यात ‘स्किप इंट्रो’चं बटण येईल, ते दाबू नका.